मंगू बकऱ्याची धून

३ डिसेंबर १९९५, रविवार

ती धून आज ऐकली. धुरपदाबाईंच्या टीव्हीवर!

जांभळ्या साडीला फॉल लावत बसले होते. भिंतीपलीकडून क्लॅरिनेट वाजलं आणि सुई थेट बोटात. साडीवर ठिपका पडला, तो पाण्याने काढला. तशीच पळत गेले. टीव्हीसमोर गल्लीतली झाडून सगळी पोरं, आणि पडद्यावर चित्रातला एक बकरा — बाजारात दुकानोदुकानी साड्यांचे पदर खात चाललेला. माझी हर्षदा सगळ्यात पुढे, बोट दाखवत. "मम्मी, जो, जो! मंगू!"

घरमालकीण धुरपदाबाई माझ्याकडे बघून म्हणाल्या, "काय व्हयनं व माय? तोंड कसं पांढरं पडी गयं तुनं?"

काही नाही म्हटलं. ती धून निंबाची आहे.

४ डिसेंबर

लिहिलं की डोकं ताळ्यावर येतं, म्हणून लिहिते.

निंबा माझा नवरा. इथे सुरतेत, उधन्यात, सगळ्यांना सांगितलंय की तो वारला. हर्षदालाही तेच. जिवंत नवऱ्याचं कुंकू पुसून सात वर्षं राहतेय. खरं फक्त धुरपदाबाईंना माहीत.

धुळ्याच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा. त्याआधी दोन वर्षं मुंबईत, एका हॉटेलात, एका म्हाताऱ्या गोवेकर वादकाच्या हाताखाली. तिथे जॅझ शिकला. कागदावरचं वाजवायचं नाही, मनाला येईल तसं भटकायचं, पण घरी परत यायचं — असं सांगायचा. ही धून त्याने स्वतः बांधली. एकदाच टेप केली. वरातीत कधी वाजवली नाही. ही भाड्याने द्यायची नाही म्हणायचा.

ती वाजवताना घरात कुणी हलायचं नाही. एकदा दूध उतू चाललं म्हणून मी उठले. माझी उजवी करंगळी अजून वाकत नाही.

पोरगी दहा महिन्यांची होती तेव्हा तिला घेऊन निघाले. त्याचं एकच पालुपद — तुला जायचं तर जा, पोरगी माझी आहे, तिला हात लावशील तर बघ. निघताना त्याची ती कॅसेट उचलली. ऐकायला नाही, माझ्याकडे टेप कुठे होता! त्याला झोंबावं म्हणून. आणि झोंबलंच असणार.

पण मग टीव्हीवर आली कशी? तो सुरतेत आलाय?

९ डिसेंबर

रोज साडेसहाला लागतं. आपल्या केबलवाल्याचंच कार्टून. तेवढी दहा मिनिटं गल्लीत चिटपाखरू नसतं. आणि नंतर सगळीकडे तीच धून. नळावर बायका गुणगुणतात. शाळेतले मास्तरसुद्धा! काल एक रिक्षावाला शीळ घालत गेला आणि मी किराणा दुकानात शिरले, काही घ्यायचं नसताना. दुकानदार बघून म्हणतो, "बोलो बेन?" पावशेर साखर घेतली.

आज वरातीच्या बँडनेही तीच धरली. मी कडेला उभी राहून एकेका क्लॅरिनेटवाल्याचं तोंड बघितलं. कुणी ओळखीचं नाही. वाजवत होते बेसूर.

१० डिसेंबर

हर्षदाला मारलं. गुणगुणत होती म्हणून. कारण विचारत होती, काय सांगू?

१६ डिसेंबर

खरं लिहू? धून फार गोड आहे.

बकरा लंगडत पळतो, थांबतो, मागे वळून बघतो आणि पुन्हा पळतो. क्लॅरिनेटही तसंच. दोन वर्षांचं पोरसुद्धा हसतं. त्या घरात ही ऐकताना मी भांड्यावर हात ठेवून बसायचे, वाजू नये म्हणून. त्यात हसू आहे हे मला कधी कळलंच नव्हतं. इतक्या वाईट माणसाच्या पोटात हे हसू कुठे होतं? आमच्या वाट्याला कधी नाही आलं! राग येतो मला.

२० डिसेंबर

सापडलं! नीट लिहिते.

पर्वत पाटियाला शेठकडे तयार साड्या द्यायला गेले. तिथे छापाची डिझाइनं काढणारा ललित आहे, जळगावकडचा, सरळ मुलगा. त्याच्या टेबलावर मंगूची चित्रं! शेकडो. हे कार्टून त्यानेच काढलंय, आणि त्याच्या चार मित्रांनी. साडीचं डिझाइन ज्या पारदर्शक कागदावर काढतात त्याच कागदावर एकावर एक.

"ताई, आधी धून मिळाली," तो म्हणाला. "बकरा नंतर सुचला. महिनाभर नुसती ऐकत होतो. मग वाटलं, हे कुणीतरी चोरून खातंय आणि पळतंय. साड्यांत बसून बसून बकराच डोक्यात आला!"

धून कुठून मिळाली? तर उधन्याच्या भूपेंद्रभाईंकडून. कॅसेटवाले.

तशीच तिथे गेले. भूपेंद्रभाई खो खो हसले. "अरे बेन, ए तो तमारी ज केसेट!"

श्रावणात गल्लीत कानबाई बसवली होती. बायकांना आपली गाणी भरून हवी होती आणि कोरी कॅसेट कुणाकडेच नव्हती. मी ही दिली. पुसून टाका म्हटलं. मनात म्हटलं, त्याच्या नाकावर टिच्चून देवीची गाणी भरते! भूपेंद्रभाईंनी पुसण्याआधी लावून बघितली. आवडली म्हणून स्वतःसाठी उतरवून घेतली. नंतर ललितला ऐकवली.

म्हणजे निंबा नाहीच. हे सगळं माझंच. रस्त्यात एकटीच हसत आले.

२१ डिसेंबर

हर्षदासाठी खमण आणलं. तिला मांडीवर घेऊन मंगू बघितला. ती म्हणे, "मम्मी, तू रडे छे केम?"

७ जानेवारी १९९६

ललित भेटला, नुसता उड्या मारत होता. मंगू नवापूरला लागतो, नंदुरबारला लागतो. तिथले केबलवाले कॅसेट मागून नेतात. आता धुळेही!

माझ्या हातातली पिशवी पडली.

वर आणखी एक. चित्राखाली पट्टी फिरते — ही धून कोणाची? कळवा. मी म्हटलं, ती पट्टी काढ. तो बघतच राहिला. "का ताई? ज्याची वस्तू त्याचं नाव नको? तुम्हाला ठाऊक आहे का कोण ते?"

नाही म्हटलं.

त्याला सगळं सांगायला हवं होतं. लाज वाटली. वारलेल्या नवऱ्याची बाई मी, काय सांगणार! सात वर्षं बिळात राहिले आणि मीच त्याच्या घरात जाऊन हाक मारली. आपल्याच हाताने पायावर धोंडा.

१४ जानेवारी

उत्तरायण. पतंगांवरही मंगू छापलाय. प्रत्येक गच्चीवर भोंगा आणि भोंग्यावर तीच धून. खिडकी लावून फॉल लावत बसले. हर्षदा रुसली आहे.

२३ जानेवारी, मंगळवार

"ताई, धूनवाला सापडला!"

ललितने मला खुर्ची दिली, चहा मागवला. गेल्या सोमवारी आला म्हणे. धुळ्याचा. टीव्हीसमोर बसून ढसाढसा रडला. "आम्हाला आधी खरं वाटेना. तर त्याने क्लॅरिनेट काढलं आणि पुढचं वाजवून दाखवलं. आमच्याकडे पुढचं नाहीच ना! तुम्ही बायका दारात उभ्या होतात म्हणून भूपेंद्रभाईंनी घाईत सुरुवातच उतरवली होती. काय सांगू ताई, पुढे धून अशी खाली खाली उतरते... जगात कुणाला येत नसेल. त्याच्याशिवाय."

मला येते.

"पैसे देऊ केले तर नको म्हणाला. एवढंच विचारलं, कॅसेट कुणी दिली? मी भूपेंद्रभाईंकडे पाठवलं."

आठ दिवस झाले त्याला! ललितचा चेहरा इतका आनंदी होता की त्याला दोष देववेना. भूपेंद्रभाईंकडे गेले. तेही खूश. "बहु सारो माणस, बेन!" आणि सांगून टाकलं. फॉल लावणारी मराठी बेन, उधन्यात राहते, एक बेबी आहे, मराठी शाळेत जाते.

२४ जानेवारी

धुरपदाबाईंना सांगितलं. त्यांनी दार लावून घेतलं आणि हळूच म्हणाल्या, "आते आठे ऱ्हाऊ नको. मनी भाची चलथाणले शे, तिना घरधनी साखर कारखानामा शे. रईवारे त्यासनी खोली खाली व्हई. पोरले ली आनि जाय."

रविवार. चार दिवस. कसे काढू?

२५ जानेवारी

हर्षदाला शाळेत मी सोडते, मीच आणते. शाळेतल्या बाईंना बजावलंय, माझ्याशिवाय कुणाच्याही हाती द्यायची नाही. अगदी वडील म्हणून कुणी आलं तरी. बाई म्हणाल्या, "तिचे वडील तर..." मी म्हटलं, हो, म्हणूनच.

घरी येताना तीनदा मागे वळून बघितलं. हर्षदा म्हणाली, "मम्मी, तू मंगूसारखी बघतेस."

२६ जानेवारी

झेंडावंदन. मैदानावरचा एकेक माणूस निरखून बघितला. नाही. कुठेच नाही.

आता वाटतं, परत गेला असेल. धून मिळाली, नाव मिळालं, लोक वाहवा करतात. त्याला आयुष्यात एवढंच हवं होतं. आठ-दहा दिवसांत फिरकला नाही म्हणजे नसेलच यायचं. आज दुपारी दोन घास नीट जेवले.

तरी परवा जायचंच.

२७ जानेवारी

सामान बांधून झालं. हर्षदा पिशवीत आपल्या वह्या भरत होती, मंगूची धून गुणगुणत. टीव्हीवर तुटते तिथे थांबली नाही. पुढचं सगळं म्हटलं. शेवटपर्यंत, एकही सूर न चुकता.

"कुणी शिकवलं?"

"कुणी नाही," म्हणाली. वर बघितलं नाही.