लेफ्तेरिसची माणसं हसत नाहीत

३ मार्च, सोमवार
इथे नेदरलँड्समध्ये, रायस्वाइकच्या आमच्या मराठी फिल्म क्लबात अद्वयने एका ग्रीक दिग्दर्शकावर बोलावं, अशी क्लब चालवणाऱ्या वसुधाताईंनी गळ घातली. लेफ्तेरिस मावरोयानी. आणि नवरा हो म्हणाला! याने आजवर शेवटपर्यंत पाहिलेली एकच फिल्म — आमच्या लग्नाचा व्हिडिओ.

६ मार्च
तीन दिवसांत चार सिनेमे. एकात अख्खं कुटुंब टेबलाशी बसून वाटाणे सोलतं. दुसऱ्यात एक बाई बंद दाराकडे बघत राहते. मी मधे उठून पोळ्या लाटून आले, बाई तिथेच! कुणी हसत नाही, रडत नाही. "आई गेली" आणि "मीठ दे" — एकाच सुरात.

लेफ्तेरिस म्हणे आधी गावातल्या लग्नांचं शूटिंग करायचा. मग अथेन्समध्ये मित्रांना घेऊन पहिला सिनेमा केला. मित्रांना अभिनय येईना, म्हणून चेहरे कोरेच राहिले. समीक्षकांनी त्याला शैली म्हटलं. आता लंडनमध्ये मोठमोठे नट त्याच्याकडे रांग लावतात आणि तो त्यांचा अभिनय काढून घेतो. याला म्हणतात करिअर!

११ मार्च
अद्वयचं सध्या रोज घरूनच काम. दिवसभर लेफ्तेरिसच्या मुलाखती, वही भरत आली. बोलायलाही तसाच लागलाय. भाजी कोणती करू विचारलं, तर म्हणाला, "भाजी. कर." संहिता जेवताना डचमध्ये काहीतरी पुटपुटली. मराठीत सांग म्हटलं.

"बाबा बंद पडलाय."

नऊ वर्षांची आहे. समीक्षक होणार.

१२ मार्च
बंदच.

१६ मार्च, रविवार
व्याख्यान झालं. एकोणीस माणसं, आणि वडे चाळीस माणसांचे. अद्वय सुंदर बोलला, अगदी खरं. म्हणाला, लेफ्तेरिसची माणसं दगड नसतात. त्यांना एकच गोष्ट सांगायची असते, ती सांगवत नाही, म्हणून ती मिठाबद्दल बोलतात.

सगळे गंभीर. तेवढ्यात वसुधाताईंचे वडील, मोरेश्वरकाका, उठले. महिनाभरासाठी पुण्याहून आलेत. म्हणाले, "अहो, मग सांगून का टाकत नाहीत?"

हॉलभर हशा. अद्वय हसला नाही. मनात म्हटलं, भूमिका सोडवत नाही बुवाला!

१७ मार्च
संहिताला शाळेत सोडून आले. अद्वय टेबलाशी बसलेला. मान वर न करता म्हणाला, "माझी नोकरी गेली. तीन आठवडे झाले. दुसरी मिळाली नाही तर मे संपायच्या आत आपल्याला भारतात परत जावं लागेल."

मी टाळ्या वाजवल्या. म्हटलं, अगदी लेफ्तेरिस! पुन्हा म्हण.

त्याने पुन्हा म्हटलं. "नोकरी"पर्यंतच म्हणता आलं.