विहिरीजवळची लाल खुंटी

४ डिसेंबर
फाटक बंद. (यापुढे नुसतं फा. बं. लिहीन. रोज रोज तेच कोण लिहीत बसेल.)
उघडलं तरी उपयोग नसतो. दोन्हीकडचे लोक अख्खा रस्ता अडवून उभे राहतात. कापसाचे ट्रक, शाळेचे ऑटो, आमच्यासारखे भाजीवाले. फाटक उघडलं की समोरासमोर तोंड करून एकमेकांना 'माघं घे, माघं घे' म्हणत बसतात. माघं कोणीच घेत नाही. तेवढ्यात पुढची मालगाडी. मेथीनं ऑटोतच मान टाकली. नांदुऱ्याच्या बाजारात पोचलो तोवर हर्रास (लिलाव) उरकला होता, मग रस्त्याकडेला बसून जुड्या विकल्या.
हे चिडलेले. "या भाजीपाल्यानं जीव खाल्ला. एकदा रोड होऊ दे, हॉटेलच टाकतो." दरवर्षी म्हणतात. मी लक्ष दिलं नाही.

६ डिसेंबर
आज खुंट्या आल्या. फाटकावर उड्डाणपूल होणार, हे ऐकून कान किटले होते. आता पुलावरून उतरणारा जोडरस्ता हायवेला नेऊन मिळवणार आणि तो जाणार आमच्या नि भाऊजींच्या वावराच्या मधून. चष्मेवाला साहेब माणसं घेऊन आला आणि लाल रंगवलेल्या लाकडी खुंट्या ठोकून गेला. रेघ धुऱ्यावरच्या (सामाईक बांधावरच्या) बाभळीच्या पलीकडून गेली, म्हणजे भाऊजींच्या बाजूनं. आमची विहीर वाचली. विहीर आहे म्हणून सांभार (बाजारात कोथिंबीर म्हणतात ती) आहे, पालक आहे. ती गेली तर मोबदला मिळेल, पण त्या वावरात मी काय करू?
भाऊजी, म्हणजे यांचे धाकटे भाऊ प्रल्हाद, हसत होते. "बरं झालं वहिनी, फाटकाची कटकट मिटीन. मुंजोबाले रोडगे करू."
जमीन जाते भाऊजींची आणि रोडग्यांची पंगतही (गोवऱ्यांत भाजलेले कणकेचे गोळे, देवाच्या नावानं) तेच घालणार. यात काहीतरी आहे.

११ डिसें.
फा. बं. ऑटोत बसल्या बसल्या पाहिलं, टपरीवर भाऊजी आणि चष्मेवाला. चहा भाऊजींनीच पाजला. निघताना सांभाराची जुडीसुद्धा दिली.
संध्याकाळी सहज विचारलं. म्हणाले, "पत्ता विचारून राह्यला होता, वहिनी." जो माणूस पाच-सहा दिवसांपासून इथंच फिरतोय, त्याला कसला पत्ता हवा?

१२ डिसें.
रात्रभर डोक्यात तेच. वाटणीत विहीर आमच्याकडे आली, पण तिच्यावर भाऊजींनाही पाण्याची पाळी ठरली. यंदा त्यांच्या बोअरला पाणी लागलं, तेव्हापासून पाळी मागायला येत नाहीत. म्हणजे विहीर राहिली काय, गेली काय, त्यांना सारखंच. आणि रेघ जरा आमच्याकडे सरकली की त्यांचं अख्खं वावर वाचतं, वर रोडटच, रस्त्याला लागून.
यांना सांगितलं. "तू उगाच इचार करतं," म्हणाले आणि कूस बदलली. सख्खा भाऊ आहे, यांना नाही दिसायचं.

१७ डिसें.
रोडगे झाले. धुऱ्यावरच्या निंबाखाली मुंजोबा, तिथंच सगळा घाट. वांग्याची भाजी माझ्या हातची, तिला कोणी नाव ठेवलं नाही. भाऊजींनी मुंजोबाला शेंदूर लावला, पुडीत बराच उरला. कालच्या झिमझिमीनं गोवऱ्या ओल्या, पेटता पेटेनात. नुसता धूर. मग बाप्यांनी धुऱ्यावरून काटक्या, फांद्या, हाताला लागेल ते वाळकं लाकूड आणून घातलं, तेव्हा कुठं निखारा झाला. पंगत उठायला अंधार पडला.
चष्मेवाल्यालाही बोलावणं होतं. भाऊजींनी त्याच्या रोडग्यावर स्वतःच्या हातानं तूप ओतलं. यांच्या पानात मात्र वाढणारा देईल तेवढंच. पाहून ठेवलं.

१८ डिसें.
सांभार उपटायला गेले आणि जागीच उभी राहिले. खुंट्या सरकल्यात. काल बाभळीच्या पलीकडे होत्या, आज अलीकडे. एक तर विहिरीच्या कठड्याला लागून.
धावत घरी आले. हे आले, पाहिलं. "मले त काई फरक नाई दिसत," म्हणाले आणि खाली वाकून चपलेचा पट्टा बघत बसले. सांभार तसाच वाफ्यात राहिला. रडू आलं, रागानं.

१९ डिसें.
वंदनाला (जाऊ) नळावर गाठलं. म्हटलं, साहेबाला तूप खाऊ घातलं ते फळलं म्हणायचं.
"तुमी काऊन असं बोलता बाई? आमी काय केलं?"
"खुंट्यांना पाय फुटले का मग?"
हंडा तिथंच ठेवून रडत निघून गेली. मला वाईट वाटलं नाही. चोराच्या मनात चांदणं असतं ते असं.

२० डिसें.
फा. बं. पुलाच्या खांबांसाठी फाटकापाशी माती तपासायचं मशीन उभं केलंय, त्यामुळे उरलासुरला रस्ताही गेला. पूल हवा म्हणून ओरडणाऱ्यांत मीच पुढे होते.
आजकाल हे भाऊजींचं नाव काढलं की उठून जातात. भाऊ दुरावल्याचं दुःख असेल. मीही फार ताणत नाही.

२२ डिसें.
सापडलं. विहिरीजवळच्या खुंटीला हात लावला, बोट लाल झालं. रंग असा सुटतो का? वास घेतला. तेल नि शेंदूर. आणि लाकूड ताजं, बाभळीचं, साल तशीच. साहेबाच्या खुंट्या चांगल्या रंधा मारलेल्या होत्या. मुंजोबाची उरलेली पुडी कोणाकडे होती? भाऊजींकडे.
तशीच त्यांच्या अंगणात गेले. बोट पुढे केलं. भाऊजी बाजेवरून उठले, परत बसले.
"खुंट्या चुलीत गेल्या, वहिनी. रोडग्याच्या दिवशी. कोनं टाकल्या, देव जाने. घाईत खुंटी का काडी, कोनाले समजते? दादा म्हने, साहेबानं पाह्यलं त केस होईन आपल्यावर."
"म्हणून तुम्ही दुसऱ्या ठोकल्या? आमच्या विहिरीपाशी?"
"मी नाई ठोकल्या." मग खाली मान घालून, "पुडी दादानं नेली होती. पहाटंच. मले म्हने, तिले नको सांगू."
वंदना दारात उभी होती. तिच्याकडे पाहता येईना.

२२ डिसें., नंतर
जेवताना विचारलं. यांनी लगेच कबूल केलं. धुकं होतं, घाई होती, बाभळीचा अंदाज चुकला, म्हणे. "चुकी झाली. साहेबाले सांगून टाकू."
मी चार दिवस भाऊजींना बोल लावत होते आणि हे शेजारी बसून भाकर मोडत होते. तेव्हा का नाही बोलले? "तू चिडतं म्हनून." मी चिडते, हे खरं आहे. म्हणून विषय संपवला.
संपला नाही.

२३ डिसें.
वंदनाकडे मेथी घेऊन गेले. माफ कर म्हटलं. तिनं मेथी घेतली, चहा केला नाही. तिचं बरोबर आहे.
यांचा अंदाज चुकला. ज्या माणसाला बांधावरची प्रत्येक बाभूळ ठाऊक, त्याचा. चुकला तर एखादी इकडे, एखादी तिकडे जावी, सगळ्या खुंट्या एकाच बाजूला कशा चुकतील? पण धुकं होतं हेही खरं, मीच उठले तेव्हा गोठा दिसत नव्हता. आता यांच्यावरही संशय घेऊ लागले तर कोणाच्या घरात राहू?

२६ डिसें.
चष्मेवाला आला, तिपाईवरचं यंत्र घेऊन. खुंट्या पाहून म्हणाला, या आमच्या नाहीत. यांनी सगळं सांगितलं. तो हसला. खुंट्यांनी काही होत नाही काका, म्हणाला, रेघ मशीनमध्ये असते. मी धुऱ्यावर बसले.
पण मशीनला सिग्नल मिळेना. तोवर अंदाज घेऊ म्हणून त्यानं विचारलं, जुनी खुंटी कुठं होती, कोणाला आठवतं का? भाऊजी इकडे शोध, तिकडे शोध. "इथं कुठंतरी होती जी." हे मात्र सरळ निघाले. बाभूळ ओलांडली, पलीकडच्या मुंगळ्यांच्या वारुळापाशी थांबले आणि पायानं जागा दाखवली. साहेबानं वरची माती सारली. खाली खुंटीचं भोक, चौकोनी, जसंच्या तसं.
भाऊजींनी माझ्याकडे पाहिलं. मी यांच्याकडे. हे चपलेकडे.
सिग्नल आला, पण साहेब काही पक्कं बोलला नाही. पुलाचा उतार बदलतोय, नवा नकाशा येईल, रेघ इकडेही येऊ शकते नि तिकडेही. आल्यावर कळवतो, म्हणाला. विहिरीजवळची खुंटी त्यानं काढली नाही, मीही नाही.
घरी परतताना हे म्हणाले, "काय वं, बोलत काऊन नाई?"
मी विचारलं, रोडवरच्या हॉटेलला नाव काय ठेवणार.
हे चालता चालता थांबले. मी पुढे निघाले.