बाबाही राजकन्या निघाले

ती. एस्थरकाकू यांस,

शितलचा नमस्कार. तुमचा गुडघा आता बरा असेल, असे धरून चालते. घडले ते असे:

१. मनिषदादाला मुलगी झाली.
२. भटजींनी ‘या’ अक्षर काढून दिले.
३. योगितावहिनीने मोबाईलवर ‘याएल’ हे हिब्रू नाव शोधले. अर्थ: राजकन्या.
४. मी तो अर्थ तपासला.
५. वहिनी माझ्याशी बोलत नाही.

चौथ्याचा खुलासा. रविवारी बारसे आहे आणि कानात नाव सांगायचे ते आत्याने, म्हणजे मी. (पाठीत धपाटेही मीच खायचे.) लॅबमध्ये न तपासलेला रिपोर्ट मी कुणाच्या हातात देत नाही, न तपासलेले नाव कानात कसे सांगू? नवे मशीन आले की आम्ही आधी उत्तर माहीत असलेला नमुना लावतो. म्हणून त्या साइटवर बाबांचे नाव टाकले. ‘महादेव: हिब्रू नाव. अर्थ: राजकन्या.’ मग ‘डहाणू’ टाकले. तीही राजकन्या. (वाडीतला चिकू मात्र राजपुत्र निघाला.)

हे मी जेवताना सांगितले, ही चूक. तेव्हापासून रखमाआजी बाबांना, म्हणजे स्वतःच्या मुलाला, ‘ए राजकन्ये, पंप बंद केलास का?’ असे विचारते. त्यातच दुसऱ्या साइटवर याएल म्हणजे डोंगरातली रानशेळी असे निघाले. बाबा ताटावरून उठले. ‘सरावलीच्या वाडीतून जन्मभर शेळ्या हाकलल्या, आता पाळण्यात घालू?’ वहिनी म्हणाली, ‘शेळी नाही हो बाबा, राजकन्या!’ त्यावर आजी: ‘राजकन्या तर तुझा सासरा.’ वहिनी रडत आत गेली. केकवर नाव घालायला सांगून झाले आहे.

तुम्ही लहानपणापासून सिनेगॉगमध्ये हिब्रूत प्रार्थना म्हणता. खरा अर्थ कळवावा.

तुमची,
शितल

ता. क. रानशेळी हाच अर्थ बरोबर आहे. मी आणखी दोन ठिकाणी पाहिले. तुमच्याकडे काम वेगळे आहे.

ता. क. २. वहिनी आता ‘यामिनी’ म्हणू लागली आहे. त्या मुलीला मी दुपट्यात घट्ट गुंडाळते. ती दर वेळी लाथा मारून बाहेर येते आणि माझ्याकडे रोखून बघते. यामिनी असे करणार नाही. ती याएलच आहे. (हे कुणाला सांगू नये.) तरी तुमच्यात हे नाव किती मानाचे आहे, ते वहिनीला लिहा. पत्रच लिहा, मोबाईलवरचे आमच्या घरात आता कुणाला पटत नाही. खोटे काही नको. फक्त, त्या याएलने झोपलेल्या सेनापतीच्या कानशिलात तंबूची खुंटी ठोकली, ही गोष्ट मी तुमच्याकडे राहत असताना तुम्ही सांगितली होती, ती वगळा. कार्यक्रमच कानाचा आहे.

पत्र शुक्रवारपर्यंत पोहोचेल असे पाठवा.