रिकाम्या जागी काय दिसेल

ताई, सोमवारी माझ्याकडे तुझं नाव पुसायचं काम आलं. एकट्या तुझं नाही, सोडून गेलेल्या सगळ्यांचंच. बरीच वर्षं जे इथे कामाला नाहीत त्यांची वैयक्तिक माहिती ॲपमध्ये ठेवायची नाही, असं कंपनीने ठरवलंय. निर्णय बरोबर आहे. मीटिंगमध्ये असतीस तर तूही होच म्हणाली असतीस. पण जुन्या नोंदी उघडल्या की जिथे तिथे तू आहेस. अमुक आजींच्या घराचा पत्ता तू दुरुस्त केलास, तमुक आजोबांच्या मुलाशी फोनवर बोलून मदतनिसाची वेळ तू बदललीस. तेव्हा आपण जेमतेम चार-पाच जण होतो आणि कोड लिहिणारी बाई फोनही घ्यायची. तुला जाऊन आठेक वर्षं झाली, पण ॲपला त्यातलं काही ठाऊक नाही. तिथे तुझ्या नावापुढे ‘इनॅक्टिव्ह’ असा एक करडा ठिपका आहे, इतकंच.

मला आपला पहिला दिवस आठवत नाही, पहिली बोलणी आठवतात. मी युनिव्हर्सिटीतून नुकतीच बाहेर पडले होते आणि तुला मॅडम म्हणत होते. ‘इथे मॅडम फक्त दुकानात म्हणतात. ताई म्हण, नाहीतर सरळ नावाने हाक मार,’ असं तू सांगितलंस. नावाने हाक मारणं मला कधी जमलं नाही. मला तू भेटींचं पान दिलं होतंस. आईवडिलांच्या घरी आज मदतीला कोण येणार, कोण येऊन गेलं, हे मुलांना फोनवर दिसावं म्हणून. मी आधी डेटाबेस केला, मग सर्व्हरकडचं काम, मग स्क्रीन, आणि खोटी नावं भरून तुला ऐटीत दाखवायला आणलं. तू खुर्ची ओढून माझ्या शेजारी बसलीस. सगळी नावं पुसून टाकलीस आणि स्क्रीनकडे बोट दाखवलंस.

‘आता काय दिसतं?’

‘काही नाही. म्हणजे, नो डेटा.’

‘कोणाला दिसतं?’

‘युजरला.’

‘युजर कोण गं? पर्थला एक बाई आहे. आई इकडे मेलबर्नला एकटी. सकाळी कोणी आलं होतं का ते बघायला तिने लंच ब्रेकमध्ये फोन काढलाय. आणि तू तिला सांगणार, नो डेटा.’

मी हसले. तू हसली नाहीस. ‘हे सगळं काढ,’ म्हणालीस. ‘चांगलं आहे, पण काढ. रिकामं असताना काय दिसेल ते आधी लिही. मग उशीर होत असेल तेव्हाचं, मग बिघडलं तर काय ते. भरलेलं शेवटी. भरलेलं पान कोणीही करतं.’ त्या संध्याकाळी टार्निटच्या ट्रेनमध्ये मी खिडकीकडे तोंड करून रडले आणि घरी येऊन नवऱ्याला सांगितलं की मी नोकरी बदलणार. तो म्हणाला, ‘प्रोबेशन तरी संपू दे.’

त्याच महिन्यात एका रविवारी आर्व्होला, म्हणजे दुपारचं, तू आम्हा दोघांना जेवायला बोलावलंस. तुझं घर आमच्या भाड्याच्या घरापासून चालत जाण्याइतकं जवळ, आणि मला ते तोवर माहीतही नव्हतं. मी किचनमध्ये आले तेव्हा तू थालीपीठ थापत होतीस, आणि कांदा चिरता चिरता मी विचारून टाकलं की हा रिकाम्याचा नियम आला कुठून. भाऊजी बाहेरून ओरडले, ‘जेवायला बोलावतेस आणि मीटिंग घेतेस!’ तू त्यांच्याकडे लक्ष न देता सांगायला लागलीस. मी यायच्या आधीची गोष्ट होती. एका बाईची आई गेली. ऑफिसने आईच्या पुढच्या सगळ्या भेटी रद्द केल्या, त्यामुळे पान रिकामं झालं. आठवड्याभराने त्या बाईने कशासाठी तरी ॲप उघडलं. ‘अजून एकही भेट नाही. पहिली भेट बुक करा!’ वाक्य तुझं होतं, पुढचं उद्गारचिन्हही तुझंच. तिने फोन केला आणि तो तूच उचललास.

‘ओरडली असती तर बरं झालं असतं गं,’ तू म्हणालीस. ‘सॉरी टु बॉदर यू म्हणाली. हे वाक्य जरा बदलता येईल का, असं विचारलं.’

तव्यावरचं थालीपीठ एका बाजूने काळं झालं. ते भाऊजींच्या ताटात गेलं आणि त्यांनी तक्रार न करता खाल्लं. जेवताना तू बोटावर मोजून सांगितलंस की रिकामं तीन तऱ्हांचं असतं. अजून काही घडलेलं नाही, ते एक. घडलंय पण आपल्याला कळलेलं नाही, ते दुसरं. आणि आता घडणार नाही, ते तिसरं. तिन्हींना एकच वाक्य चालत नाही. नंतर टीमच्या नियमांचं पान तू लिहिलंस तेव्हा हे सगळ्यात वर टाकलंस. फाइलींना नावं कशी द्यायची, चुका कुठे पकडायच्या, कोणी कोणाचं काम तपासायचं, हे सगळं त्याच्या खाली. वर लेखकाचं नाव घातलं नाहीस. नियमाला नाव असलं की लोक नावाशी भांडतात, म्हणायचीस.

आम्ही स्वतःचं घर घेतलं तेव्हा तुझी ऑफिसची जुनी खुर्ची तू गाडीत घालून आणलीस. तिचं एक चाक अडकतं. पुढे तू आजारी पडलीस आणि मी दर शनिवारी येत राहिले. तू काउंटरपाशी उंच स्टुलावर बसलेली असायचीस, डोक्याला सुती ओढणी, आणि मी भांडी लावायची. तब्येतीचं विचारलं की म्हणायचीस, ‘ते राहू दे, ॲपची नवी रिलीज गेली का?’ मी रिलीजचंच सांगत बसायची. आपल्या दोघींना तेवढंच बोलता यायचं बहुतेक. भाऊजी आता सिडनीला, स्कोफिल्ड्सला मुलाकडे राहतात. दिवाळीला फोन करतात. ह्या कामाचं मी त्यांना सांगितलेलं नाही.

आता कोड आम्ही फारसा हाताने लिहीत नाही. काय हवं ते सांगितलं की मशीन लिहून देतं. आधी टीमचे नियम वाचतं, मग सुरुवात करतं. मंगळवारी मी त्याला सांगितलं, गेलेल्या लोकांची नावं सगळीकडून काढायची आहेत. त्याने काही लिहिलं नाही, उलट विचारलं: तुमच्या नियमानुसार आधी हे ठरवावं लागेल, नाव काढल्यावर त्या रिकाम्या जागी काय दिसावं? प्रश्न तुझा होता. विचारणाऱ्याला तू कोण हे माहीत नव्हतं, आणि विचारत होतं ते तुझ्याच जागेबद्दल.

आमचा मॅनेजर भला माणूस आहे. तू गेल्यानंतर आला. त्याला म्हटलं, शब्द सुचत नाहीये. ‘डिलिटेड युजर टाक ना, मेट. सगळे तेच टाकतात.’ मी म्हटलं, तिला कोणी डिलीट केलेलं नाही. ‘मग अननोन?’ मी म्हटलं, अननोन म्हणजे आपल्याला माहीत नाही. आपल्याला माहीत आहे. त्याने माझ्याकडे नीट पाहिलं आणि हळूच विचारलं, कोणाबद्दल बोलतेयस?

‘आपलं नियमांचं पान जिने लिहिलं तिच्याबद्दल.’

‘ओह. मग तिचं नाव घाल ना त्या पानावर.’

‘नाव काढायचंच काम चाललंय,’ मी म्हटलं. त्याला ओशाळल्यासारखं झालं. मग आम्ही दोघंही उगाच कॉफी आणायला गेलो.

दोन दिवस मी शब्द लिहून खोडत होते. शेवटी ठेवलं ते असं: ‘बदल केला: आमच्यापैकी एकाने.’ इंग्रजीत ते ‘वन ऑफ अस’ होतं, त्यात बाई की पुरुष हे येत नाही, पण तुझ्या तिसऱ्या, ‘आता घडणार नाही’च्या तऱ्हेत बसतं. मॅनेजर म्हणाला, जरा घरगुती वाटतं, पण राहू दे, नो वरीज. तू काय म्हणाली असतीस मला खरंच सांगता येत नाही. कदाचित पुन्हा लिहायला लावलं असतंस.

हे मी कुठे पाठवणार नाहीये. आज दुपारी बदल लाइव्ह गेला आणि त्यानंतर दुसऱ्या कोणाशी बोलता येईना, म्हणून लिहितेय. लाइव्ह गेल्यावर आपण नेहमी करतो तशी मी एकेक जागा तपासली. पत्ते, फोनच्या नोंदी, बदललेल्या वेळा, सगळीकडे ‘आमच्यापैकी एकाने’. एक जागा मात्र राहून गेली होती. कर्मचारी शोधायचा तो चौकोन, तुझ्या नियमाच्याही आधीचा, ज्याला इतक्या वर्षांत कोणी हात लावलेला नाही. तपासायचं म्हणून मी त्यात तुझं पूर्ण नाव टाकलं. चौकोनात ते गोल चक्र थोडा वेळ फिरलं आणि खाली आलं: ‘कोणी सापडलं नाही. पुन्हा प्रयत्न करा.’

दोन वाक्यांचं काम आहे, उद्या सकाळी उघडून पहिलं तेच करायला हवं. पण तुला म्हणून सांगते, तेव्हा मी ते दुरुस्त करायला घेतलं नाही. मी पुन्हा प्रयत्न केला.