सतरा नंबरची पिशवी

६ जानेवारी
आजपासून औषध तयार करायची नवी खोली. बाहेर बघायला काही नाही. भिंतीत फक्त एक झडप — हातभर रुंद. मी इकडून पिशवी ठेवायची, सिस्टरने पलीकडून उचलायची. हवा गाळणारं यंत्र दिवसभर एकाच सुरात गुणगुणतं. दुपारपर्यंत वाटायला लागतं, आपण पाण्याखाली बसलोय.

मोठ्या आतड्यातल्या जखमांवरचं नवं औषध आहे. निम्म्या पेशंटना औषध, निम्म्यांना नुसतं मिठाचं पाणी. कोणाला काय, ते कॉम्प्युटरने चिठ्ठ्या टाकल्यासारखं ठरवलंय. डॉक्टरांना माहीत नाही, सिस्टरला नाही, पेशंटला तर नाहीच. फक्त मला. यादी कपाटात, किल्ली माझ्याकडे. दोन्ही पिशव्यांना सारखंच तपकिरी वेष्टन.

डॉक्टर म्हणाले, “घरीसुद्धा बोलायचं नाही, मॅडम. चेहऱ्यावरसुद्धा दिसता कामा नये.”

म्हणजे कोणाला काय ते या वहीतही लिहायचं नाही.

२० जानेवारी
या औषधाची पूड पाण्यात घातली की बाटली हलवायची नाही. फेस होतो, मग वाया जाते. दोन्ही तळव्यांत धरून हळूहळू फिरवायची — बाळाला झोपवतात तशी. वीस मिनिटं. पाण्याच्या पिशवीला दोन मिनिटं पुरतात, पण तिलाही मी वीसच घेते. नाहीतर सिस्टर वेळेवरून ताडेल.

त्या वीस मिनिटांत हाताला काम असतं, डोक्याला नसतं. मग पलीकडचे आवाज येतात. सलाइन लावतात ती खुर्ची भिंतीला लागूनच आहे.

आज सतरा नंबर. जाड, सावकाश आवाज. क्रेन चालवतात. सिस्टरला सांगत होते — साठ मीटर उंचीवर केबिन. हिवाळ्यात सकाळी धुकं असलं की घरं बुडून जातात, सगळं शहर साबणाच्या पाण्यात घातल्यासारखं. वर राहतात फक्त क्रेनच्या माना. समोरच्या क्रेनवरचा माणूस रोज हात करायचा. चार वर्षांत जमिनीवर एकदाही भेट नाही.

“शिडीने खाली यायला बारा मिनिटं लागतात, सिस्टर. माझं पोट बारा सेकंद थांबत नाही.”

म्हणून आठ महिने झाले, त्यांना गोदामात हेल्मेटं मोजायला बसवलंय. सिस्टर हसली. तेही हसले. मी बाटली फिरवत राहिले.

२१ जानेवारी
पहाटे स्वप्न. शिडी चढतेय आणि पायऱ्या ओल्या कापसाच्या. भीती वाटत नव्हती.

१७ फेब्रुवारी
प्रत्येक पेशंटला एक वही दिलीय. दिवसातून किती वेळा जावं लागलं, रक्त होतं का — रोज लिहायचं. सिस्टर सतरा नंबरची वही मोठ्याने वाचत होती. नऊ, आठ, सहा, चार, दोन. डॉक्टर आले, त्यांच्या आवाजातही आनंद. सोमवारपासून ते पुन्हा क्रेनवर जाणार.

लिहूनच टाकते. माझ्या या वहीला कुठे चेहरा असतो. सतरा नंबरला पाणी चाललंय.

असं होतं, मला ठाऊक आहे. म्हणून तर निम्म्यांना पाणी द्यायचं — पाण्यानेही माणसं बरी होतात, मग औषधाने नेमकं किती हे कसं कळणार? तरी आज घरी येताना उगाच हलकं वाटत होतं. जसं काही माझ्या हाताने त्यात काहीतरी उतरलंच होतं.

३ मार्च
नवरा म्हणतो, तू झोपेत आकडे पुटपुटतेस. कोणते, विचारलं. “ते सांगायला मला जागं राहावं लागेल,” म्हणाला आणि चहा ओतायला लागला.

आता झोपेचीही धास्ती.

३१ मार्च
धुक्याचे दिवस संपले म्हणे. आता वरून नदी दिसते, ती दुपारी पत्र्यासारखी चमकते. समोरच्याने केबिनमध्ये कुंडी ठेवलीय. सतरा नंबर सांगत असतात आणि माझ्या खोलीला जणू वरून उजेड यायला लागतो.

मात्र आज आवाज दमलेला होता. मध्येच थांबत होते.

१४ एप्रिल
सिस्टर दुसऱ्या पेशंटकडे गेली होती. सतरा नंबर फोनवर बोलत होते. बहिणीशी असावेत.

“वहीत मी दोनच लिहितो, ताई. खरे आठ-नऊ होतात. रक्तही पडतंय. वर केबिनमध्ये त्यासाठी एक डबा ठेवलाय.” ताई रागावत असणार. मग — “अगं, सांगितलं तर खाली उतरवतील, औषधही बंद करतील. मध्ये लागू पडलं होतं ना, परत पडेल ते.”

माझ्या हातात त्यांचीच पिशवी होती.

मी ती झडपेत ठेवली. रोजच्यासारखी, लेबल वर करून.

१५ एप्रिल
मला नियम तोंडपाठ आहे. ज्याला यादी माहीत, त्याने पेशंटच्या प्रकृतीबद्दल डॉक्टरांशी बोलायचं नाही. शब्दावरून, सुरावरून त्यांना कळेल आणि सगळ्यांची दोन वर्षांची मेहनत मातीत जाईल.

पण मी जे ऐकलं ते यादीतलं नाही.

आणि दुसरं — मी तोंड उघडलं तर ते पुन्हा गोदामात. त्यांची नदी मीच काढून घेतल्यासारखं होईल. त्यांना खरं औषध मिळत असतं तर मी गप्प बसले असते का? आज डॉक्टरांकडे गेलेच नाही.

१६ एप्रिल
सकाळी पर्स खाली ठेवायच्या आधीच डॉक्टरांकडे गेले. जमिनीकडे बघत सांगितलं. सतरा नंबरची वही खोटी आहे, रक्त जातंय, आजच तपासा. एवढंच.

डॉक्टर म्हणाले, “हे यादी बघून बोलताय?”

“नाही. भिंतीतून ऐकून.”

त्यांनी लगेच फोन लावला. सतरा नंबर त्या वेळी वर होते. खाली यायला बारा मिनिटांची पंचवीस झाली, शेवटच्या पायऱ्यांवरून दोघांनी धरून उतरवलं. हिमोग्लोबिन साडेसहा. तेवढ्या रक्तावर माणूस शहरावरून लोखंडाच्या तुळया फिरवत होता!

कालचा दिवस माझ्या अंगावर आहे. तो उतरणार नाही.

२८ एप्रिल
दोन बाटल्या रक्त, मग स्टिरॉइडची इंजेक्शनं. आता बसतात, जेवतात. अभ्यासात जो जास्त आजारी पडतो त्याला पुढे उघडपणे खरं औषध द्यायचं, असं आधीच ठरलेलं. म्हणजे आता लपवालपवी नाही. पण आधी काय होतं ते अजून सांगायचं नाही.

सिस्टर म्हणाली, ते विचारत होते, कोणी सांगितलं म्हणून. तिला माहीत नाही. ताईवर संशय आहे, तिच्याशी बोलणं टाकलंय.

ताईचा काय दोष. तरी मी सिस्टरचं नुसतं ऐकून घेतलं.

१२ मे
सतरा नंबरची पहिली खरी पिशवी. बाटली तळव्यात घेतली. पूड विरघळताना आत आधी ढग तरंगतात, मग ते पातळ होत जातात, मग काहीच राहत नाही. आज पहिल्यांदा ती वीस मिनिटं खरोखर लागणार होती.

४ ऑगस्ट
दुर्बिणीने तपासलं. जखमा भरल्यात. डॉक्टर दोनदा म्हणाले, “छान.” सतरा नंबर या वेळी काही लपवत नाहीत, ताईच वही लिहिते. बोलायला लागले दोघं.

पुढच्या आठवड्यापासून क्रेन.

७ सप्टेंबर
सुट्टी होती. बाजारात जाते म्हणून निघाले आणि पाय दुसरीकडेच वळले. नदीकाठी अर्धी उभी राहिलेली इमारत, तिच्यावर तीन क्रेन. ढग भरभर जात होते, त्यामुळे ढग थांबलेत आणि क्रेनच वाहत चालल्यात असं दिसत होतं. कोणती त्यांची, कळेना. कधी चेहरा पाहिलेला नाही, पाहिला असता तरी तिथून काय दिसणार?

तिन्हींना हात केला. शेजारच्या बाईने वळून पाहिलं. मी हात केसांवरून फिरवला आणि भाजी घेऊन आले.

१६ नोव्हेंबर
अभ्यासाची शेवटची नोंद पुरी झाली. यादी कपाटातून काढून, मोहोर लावून, माझ्या आणि डॉक्टरांच्या सह्यांनी दिली. किल्लीही दिली. पर्स हलकी झाली तर चुकल्यासारखं वाटतंय. उद्या निकाल.

१७ नोव्हेंबर
औषधात आणि पाण्यात काही फरक नाही. कंपनी आता ते बनवणार नाही. सतरा नंबरचं काय, विचारलं. डॉक्टर म्हणाले, स्टिरॉइडने बरे झाले असतील, किंवा आजार आपोआप शांत झाला असेल. सांगता येणार नाही.

सतरा नंबरना बोलावून घेतलं होतं, त्यांना मीच सांगितलं. समोर बसून. आधी पाणी होतं, नंतर औषध होतं, दोन्ही सारखंच निघालं. आणि एप्रिलमध्ये ताईने नाही, मी सांगितलं होतं.

त्यांनी आपले दोन्ही हात उलटून पाहिले. मग म्हणाले, “म्हणजे मी वर बसतो तो कशाच्या जोरावर?”

उद्या त्यांची सकाळची पाळी आहे.