परत आलेला माल आणि माझी मालमत्ता

मी, खाली सही करणारी, शेंगदाणे निवडून परदेशी पाठवणाऱ्या कारखान्याची मालकीण, विधवा, लिहून ठेवते की माझं डोकं ठिकाणावर आहे, फक्त गुडघे नाहीत. हे मृत्युपत्र मी राजीखुशीने करत आहे. दबावाखाली काही करायची मला सवयच नाही. आधीचं मृत्युपत्र रद्द समजावं.

१. राहतं घर मुलाला. कारखाना नको, असं त्याने तोंडावर सांगितलं, त्याचा राग नाही. घर विकायचं तर खुशाल विकावं, पण स्वयंपाकघराचं छत गळतं हे गिऱ्हाइकाला आधी सांगावं.

२. सोनं नाही. पाटल्या मोडून मी दाणे तपासायचं यंत्र घेतलं. सूनबाईंनी कपाटं धुंडाळण्याचे कष्ट घेऊ नयेत.

३. कारखाना अर्धा मुलीला, अर्धा शेंगा पिकवणाऱ्यांच्या संस्थेला. हे असं का, ते वारसांना कळावं म्हणून लिहिते.

यजमान गेल्यावर धाकटे दीर आणि मी भागीत धंदा करत होतो. एका हंगामात आमचा सगळा माल परदेशी बंदरातून परत आला. दाण्यांत बुरशीचं विष निघालं. तिकडच्या सरकारने मर्यादा खाली आणली होती आणि आम्हाला कळलं ते माल नाकारल्यावर. पण मी इथे पुन्हा तपासणी करून घेतली, तेव्हा ती पोती आपल्या कायद्यातही बसेनात. भाऊजी म्हणाले, इथल्या बाजारात काढून टाकू, कोण बघतंय. मी म्हटलं, “तिकडच्या लेकरांना जे विष, ते आपल्या लेकरांना खाऊ कसं होईल?” सगळी पोती मी भट्टीत घातली. भाऊजींनी त्याच आठवड्यात भागी मोडली आणि आपला वाटा चोख घेऊन गेले. त्यांचं आता काही येणं नाही.

त्यानंतर मोठ्या निर्यातदारांनी लहान शेतकऱ्यांचा माल घेणंच सोडलं. एकेकाची शेंग तपासायची, कुठली पोती कुणाची याची नोंद ठेवायची, हे परवडत नाही म्हणाले. ज्यांच्या शेंगांवर माझं घर उभं राहिलं, त्यांना मी वाऱ्यावर सोडणार नव्हते. दारोदार जाऊन सांगितलं: शेंगा ओल्या जमिनीवर पसरू नका, बुरशी धरते, उंच मांडवावर वाळवा, तपासणी सगळ्यांची मिळून करू. लोक हसले. “आता शेंगांना पलंग हवा का?” एका म्हातारीने विचारलं. पहिला पलंग तिनेच बांधला. पुढच्या हंगामात आमचा माल बंदरातून सुटला. त्याच लोकांची मग ही संस्था झाली.

परदेशी खरेदीदारांचे साहेब कारखाना बघायला आले, तेव्हा मी म्हटलं, मर्यादा तुमच्या सरकारने ठरवावी, पण ती बदलण्याआधी एक हंगाम तुम्ही आम्हाला सांगा. तेव्हा ते कबूल झाले नाहीत. मी प्रत्येक कराराच्या वेळी अडून बसले. एकदा माल गोदामात ठेवला, पण सही केली नाही. शेवटी ती ओळ करारात आली. मुलीने ती कुणालाही खोडू देऊ नये.

४. यंत्र विकायचं नाही. इथल्या बाजारात जाणारा दाणा आणि जहाजात चढणारा दाणा, दोघांना तपासणी एकच. कुणी मोठी कंपनी कारखाना मागायला आली तर चहा पाजून परत पाठवावं.

५. ज्याला मृत्युपत्रातून काही मिळत नाही असाच साक्षीदार घ्यावा, असं वकीलबाईंनी समजावलं. म्हणून पहिले साक्षीदार मी भाऊजींना केलं. इतक्या वर्षांनी बोलावलं तरी आले. इथवर वाचून म्हणाले, “वहिनी, शेवटीही मला कोरडंच ठेवलंत.”

मी म्हटलं, “कोरडं तेच टिकतं, भाऊजी.”

ते हसले आणि त्यांनी पेन मागितलं.

सही: मालकीण
साक्षीदार: १. धाकटे दीर २. समोरच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई
स्थळ: कारखान्यातली तपासणीची खोली
दिनांक: नव्या शेंगा मांडवावर चढल्या तो सोमवार