पाहिलेलं आणि सांगितलेलं

८ नोव्हेंबर
आमचा तरुण आयसीयूत. शुद्ध नाही. कवटीचं हाड आत गेलंय. त्याची आई माझा खांदा धरून म्हणाली, "आप ही के घर गया था, बहनजी."
कितीतरी वर्षं नवऱ्याचा, शि.चा, वकिलीतला ज्युनियर. आमच्याकडे थालीपीठ केचप लावून खायचा. डेंग्यू झाला तेव्हा आमच्याच बैठकीत झोपला. मीच पथ्याचं करून घालत होते.

९ नोव्हें.
लिहून टाकते. परवा दुपारी जिन्यात होते, खाली ऑफिसचं दार अर्धं उघडं. तरुण म्हणत होता, "सर, इन झुग्गियों का पहला केस आपने लड़ा था. अब आप ही तुड़वाएँगे, तो मैं आपके ख़िलाफ़ खड़ा रहूँगा."
शि. हसला. टेबलावरचं तरुणचं स्कूटरचं हेल्मेट उचललं आणि त्याच्याच डोक्यात हाणलं. पहिल्या फटक्याला तरुण "सर" म्हणाला. दुसऱ्यालाही. मग आवाज फक्त हेल्मेटचा. ड्रायव्हर धरमवीरनं कंबर धरून ओढलं तेव्हा शि. थांबला, आणि वर जिन्याकडे पाहिलं.
या झुग्ग्यांच्या, झोपडपट्टीच्या केसेस शि. फुकट लढायचा. त्यांच्याच मतांवर आमदार झाला.

११ नोव्हें.
धरमवीर ठाण्यात हजर झाला. "मैंने मारा." कोठडीत बडवलाय. हेल्मेट कुठंय विचारतात, त्याला माहीतच नाही. त्याची बायको सुनीता दारात. "विधायक जी बोले, जल्दी छुड़ा लेंगे. मैडम, छुड़ा लेंगे न?"
तिला पाणी दिलं. प्यायली नाही.

१३ नोव्हें.
जेवताना शि. सगळं सांगत बसला, मी न विचारता. तरुण कुठे उभा होता, फटका कुठे बसला. आवाज कोर्टातला. मध्येच वरण वाढून घेतलं. शेवटी, "तुला हे माझ्याकडूनच कळलं. बरोबर? हो की नाही, एवढंच."
भांडी आवरताना उमगलं. लग्न ठरल्यावर दिल्लीत आर. के. पुरमला, शि.च्या घरच्यांच्या सरकारी क्वार्टरच्या गच्चीवर, स्वतःच्या वकिलीच्या परीक्षेचा अभ्यास करताना यानंच शिकवलं होतं. नवऱ्यानं बायकोला सांगितलेलं कोर्टात चालत नाही. बायकोनं डोळ्यांनी पाहिलेलं चालतं. मी म्हटलं होतं, "मग मी डोळे मिटून संसार करीन." किती हसलो होतो.

१५ नोव्हें.
तरुण गेला.
दुपारी झुग्गीतली माणसं फाटकाशी. वीट आली, काच देवघरापर्यंत. शि.ची पक्षातली पोरं काठ्या घेऊन धावली. एका बाईचा ओठ फाटला, ती तो पदरानं दाबत उभीच राहिली. पळाली नाही. माझ्याकडे बघत होती.

१७ नोव्हें., सकाळ
डाव्या हातानं लिहितेय, अक्षर लहान मुलाचं.
काल इन्स्पेक्टर आले. शि. सोफ्यावर मला खेटून. "मैडम, आपने कुछ देखा?" उत्तर शि.नंच दिलं, "जो सुना, मुझसे सुना."
मी म्हटलं, "कल थाने आकर बताऊँगी."
"औरत का बयान घर पर होता है, इंस्पेक्टर साहब." कायदा अजून तोंडपाठ.
"अपनी मर्ज़ी से आएँ तो आ सकती हैं, सर."
ते गेल्यावर शि.नं माझं मनगट पिरगाळलं. कट्‌ झालं. मग स्वतःच बर्फ आणला, धरून बसला. "अगं, मी तुझ्यासाठी..." रडत होता. मी चांगल्या हातानं त्याच्या केसांतून हात फिरवला. सवयीनं.
आज गाडीच्या किल्ल्या जागेवर नाहीत. मेट्रोनं जाईन. सुनीता फाटकाशी येऊन उभी आहे.
लांब बाह्यांचा कुर्ता कपाटातून काढला. मग आखूड बाह्यांचा. मनगट जांभळं झालंय. हे कुणाला सांगावं लागणार नाही, दिसेल.
दोन्ही कुर्ते पलंगावर. शि. जिना चढतोय.